अपील चालू असताना पक्षकार वारला तर पुढे काय?

बांधकरी

नमस्कार मंडळी. जरा लांबलचक आहे, पण वाचा.

आमचा शेतजमिनीच्या वाटपाचा दावा होता. वडील आणि धाकटे काका वादी, समोर चुलत घराण्यातले सहा जण. वाटप पूर्वीच झालेलं आहे असं धरून खालच्या कोर्टानं दावा फेटाळला. त्यावर वडील आणि काकांनी मिळून जिल्हा न्यायालयात अपील केलं. ते बरीच वर्षं पडून आहे. 'जैसे थे'चा हुकूम असल्यामुळे निदान जमीन कुणी विकलेली नाही.

आता वडील गेले. अजून दोन महिनेही झाले नाहीत. त्यातच समजलं की समोरच्यांपैकी ३ नंबरचे आजोबा गेल्या वर्षीच वारलेत. आमचं त्या घराशी येणं-जाणं नाही, त्यामुळे बातमी एका लग्नात तिसऱ्याच माणसाकडून कानावर आली.

वकिलांना फोन केला. ते म्हणाले, "वारस लावून घेऊ, पुढच्या तारखेला या." पुढची तारीख चार महिन्यांनी आहे. काका म्हणतात, "अपिलात मी आहे की, तुला कसली घाई?" गावातल्या एका जाणत्या माणसाचं मत असं की अपील करणारा गेला की त्याचं अपीलही गेलं.

कुणाचं खरं मानू? आणि तलाठ्याकडे वारस नोंदीचा अर्ज दिला आहे, तेवढ्यानं भागेल ना?

उगाच एक

वडिलांबद्दल वाचून वाईट वाटलं. माझ्या माहितीप्रमाणे मूळ माणूस गेला की प्रकरण बंद होतं आणि वारसांनी नव्यानं दावा लावायचा असतो. एका परीनं बरंच झालं, नव्या दमाचा वकील बघा.

जुनी सनद

वरचा सल्ला कृपा करून कुणी अमलात आणू नये. तसं केलंत तर जमीन गेलीच म्हणून समजा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २२ नियम ९ प्रमाणे प्रकरण एकदा अबेट झालं (वारस वेळेत न लावल्यानं आपोआप संपलं) की त्याच कारणावर नवा दावा लावताच येत नाही. झालेलं अबेटमेंट रद्द करून मागणं एवढीच वाट उरते.

बांधकरी, एकेक करून घेऊ.

पक्षकाराच्या मृत्यूनं अपील संपत नाही. आदेश २२ चा पहिलाच नियम तसं सांगतो, फक्त दाद मागण्याचा हक्क मागे उरलेला असला पाहिजे. बदनामीची भरपाई मागणारा वारला तर ती मागणी त्याच्याबरोबर जाते. जमिनीतला हिस्सा जात नाही, तो वारसांकडे उतरतो. हे सगळे नियम दाव्यांसाठी लिहिलेत, पण नियम ११ नं ते अपिलालाही जसेच्या तसे लागू केलेत. वादीच्या जागी अपीलकर्ता वाचायचं, प्रतिवादीच्या जागी सामनेवाला.

अपील संपतं ते आपण गप्प बसल्यानं. मयताचे वारस रेकॉर्डवर घ्या असा अर्ज ९० दिवसांत द्यावा लागतो (मुदत कायदा १९६३, अनुच्छेद १२०). हे ९० दिवस मृत्यूच्या तारखेपासून धरतात. बातमी कधी कळली, कोर्टाची तारीख कधी होती, याला मुदतीच्या हिशेबात जागा नाही. ९० दिवसांत अर्ज आला नाही तर त्या माणसापुरतं अपील आपोआप अबेट होतं. त्यासाठी न्यायाधीशांनी वेगळा हुकूम काढावा लागत नाही. त्यानंतरच्या ६० दिवसांत अबेटमेंट रद्द करण्याचा अर्ज देता येतो (अनुच्छेद १२१). तेही दिवस उलटले तर मुदत कायद्याच्याच कलम ५ खाली विलंब माफी मागायची आणि उशीर का झाला ते पटवून द्यायचं.

उदाहरण देतो. समजा १० जानेवारीला माणूस वारला (लीप वर्ष नाही). १० एप्रिलपर्यंत साधा अर्ज चालतो. ९ जूनपर्यंत अबेटमेंट रद्द करण्याचा अर्ज. त्यापुढे विलंब माफी. शेवटच्या दिवशी कोर्टाला सुट्टी असेल तर कोर्ट उघडेल त्या दिवशी दाखल करता येतं, पण तेवढ्यावर विसंबून राहू नका.

म्हणजे तुमच्या वडिलांच्या बाबतीत मुदत अजून शिल्लक आहे आणि चार महिन्यांनंतरची तारीख ही ती घालवण्याची उत्तम सोय आहे. अर्जाला तारखेची वाट बघावी लागत नाही. प्रकरण बोर्डावर घेण्याचा अर्ज सोबत जोडून मधल्या दिवशीही दाखल करता येतो. वकिलांना हे माहीत नसेल असं नाही, कामाच्या गर्दीत राहून गेलं असेल. उद्या प्रत्यक्ष जाऊन भेटा, फोनवर ठेवू नका.

सातबारा शोधक

तलाठ्याकडच्या अर्जाबद्दल लिहितो, कारण हा घोळ घरोघरी आहे. वारस नोंद महसूल खात्याची, अपील दिवाणी कोर्टाचं. सातबाऱ्यावर वडिलांच्या जागी तुमची नावं चढली म्हणून कोर्टाच्या कागदावर ती चढत नाहीत. कोर्टाच्या लेखी तुमचे वडील अपीलकर्ता क्र. १ म्हणून अजून हयातच आहेत, तुम्ही जाऊन सांगेपर्यंत. उलट, फेरफार मंजूर झाल्यावरच कोर्टात जाऊ म्हणून लोक थांबतात, मध्ये कुणीतरी हरकत घेतं, आणि तेवढ्यात ९० दिवस सरतात.

वारस दाखल्याचंही तेच. १८२७ च्या रेग्युलेशन ८ खाली कोर्टाकडून वारस दाखला घेता येतो, पण अपिलात नाव लावायला तो लागत नाही. मृत्यूचा दाखला, वारसांची यादी आणि प्रतिज्ञापत्र यावर काम होतं.

बांधकरी

खूप खूप आभार. उद्याच जातो. अजून दोन गोष्टी विचारतो. काका आधीच अपिलात आहेत, तर तेच वडिलांच्या वतीनेही चालवू शकत नाहीत का? आणि वारस म्हणून मी आणि धाकटा भाऊ असे दोघंच लावले तर चालेल का? बहीण लग्न होऊन बाहेरगावी असते, तिनं स्वतःहूनच सांगितलंय की मला काही नको.

माहेरवाशीण

आलंच! "मला काही नको" हे तिनं कुणासमोर आणि कशावर लिहून दिलंय? नोंदणीकृत हक्कसोड पत्र असेल तर पुढचं बोलू. चहा पिताना बोललेलं वाक्य कोर्टात चालत नाही.

आणि आई? तुम्ही तिचं नावसुद्धा घेतलं नाहीत.

जुनी सनद

माहेरवाशीणताईंनी नेमकं बोट ठेवलंय. हिंदू वारसा कायद्याप्रमाणे वडिलांचे वर्ग १ चे वारस म्हणजे पत्नी, मुलगे, मुली आणि वडिलांची आई. तुमची आजी हयात असेल तर तीही वारस आहे. हे निम्म्या अर्जांत राहून जातं. एखादा मुलगा किंवा मुलगी वडिलांच्या आधीच वारली असेल तर तिची मुलंही येतात. ती अज्ञान (अल्पवयीन) असतील तर 'अज्ञान, तर्फे अ.पा.क.' (अज्ञान पालनकर्ता) म्हणून पालकाचं नाव लावावं लागतं. शिवाय जमीन वडिलोपार्जित आहे. २००५ च्या दुरुस्तीनं मुलगी जन्मानं सहदायाद (वडिलोपार्जित मिळकतीत मुलासारखी हिस्सेदार) झाली आणि २०२० च्या विनिता शर्मा निकालानं त्यातली शंकाही मिटवली. बहिणीचा हिस्सा ही कुणाच्या मेहेरबानीची बाब राहिलेली नाही.

अर्ज एका वारसानं दिला तरी चालतो, सगळ्यांच्या सह्यांसाठी अडून राहू नका. मात्र नावं सगळ्यांची टाका. ज्याला अपीलकर्ता व्हायचं नाही त्याला औपचारिक सामनेवाला करता येतं. बहिणीला हक्क सोडायचाच असेल तर तो नोंदणीकृत दस्तानं नंतर सोडू दे.

आता काका. सहअपीलकर्ता म्हणजे मयताचा प्रतिनिधी नव्हे. तुम्ही सगळे असताना काका काही तुमच्या वडिलांचे वारस नाहीत. आदेश ४१ नियम ४ प्रमाणे एकानं अपील केलं तरी सगळ्या डिक्रीविरुद्ध (कोर्टाच्या हुकूमनाम्याविरुद्ध) चालतं, असं काही वकील सांगतात. पण अपील दोघांनी मिळून केलं, त्यातला एक वारला, त्याचे वारस लावले नाहीत आणि डिक्री सामाईक असेल, तर उरलेल्याला त्या नियमाचा आधार मिळत नाही. हे सुप्रीम कोर्टानं १९६३ सालीच सांगून ठेवलंय. म्हणजे तुम्ही गप्प राहिलात तर काकांचंही अपील बुडू शकतं. त्यांना हे आजच वाचून दाखवा.

बांधकरी

आजी आहे. नव्वदी पार केलेली, पण अजून सगळ्यांना नावानं ओळखते. तिचं नाव लावायचं असतं हे आमच्या कुणाच्या डोक्यातच नव्हतं.

३ नंबरच्या आजोबांचं काय? तिथं तर वर्ष उलटून गेलंय.

काजूबोंड

त्याची एवढी काळजी करू नका. वारसांच्या बाबतीत कोर्टं उदार असतात. विलंब माफी सहसा मिळतेच, आमच्याकडे तर तीन वर्षांनी मिळाली.

जुनी सनद

उदार असतात हे खरं, पण सरसकट नव्हे. मिठाईलाल विरुद्ध अण्णाबाई (२००३) या निकालात सुप्रीम कोर्टानं सांगितलं की अशा प्रकरणांत उद्देश न्याय देण्याचा असावा आणि वारस घेण्याच्या अर्जातच अबेटमेंट रद्द करण्याची विनंती अध्याहृत धरता येते. पेरुमोन देवस्वोम (२००८) मध्ये तर मुद्देसूद तत्त्वं घालून दिली. हायकोर्टात दाखल होऊन वर्षानुवर्षं तारखेविना पडलेल्या अपिलात सामनेवाला जिवंत आहे की नाही हे अपीलकर्त्यानं सतत तपासत बसावं अशी अपेक्षा करता येत नाही, असं त्यात म्हटलंय.

पण बारकाईनं वाचा. जिथं नियमित तारखा पडतात आणि पक्षकार येत-जात असतात, तिथं ही सवलत तेवढी सैल मिळत नाही. बांधकरींचं अपील जिल्हा न्यायालयात आहे, तारखा पडतायत. शिवाय बलवंत सिंग (२०१०) हाही सुप्रीम कोर्टाचाच निकाल. तिथं ७७८ दिवसांचा उशीर होता, पटेल असं कारण नव्हतं, आणि माफी नाकारली गेली. 'उदार दृष्टिकोन' म्हणजे मुदतीचा कायदाच गुंडाळून ठेवायचा असं नाही, हे तिथं स्पष्ट केलंय.

म्हणून ३ नंबरसाठी तीन विनंत्या लागतील: विलंब माफ करा, अबेटमेंट रद्द करा, वारस रेकॉर्डवर घ्या. अध्याहृत धरतील या भरवशावर न राहता तिन्ही स्पष्ट लिहा. आणि प्रतिज्ञापत्रात मोघम "माहिती नव्हती" नको. दोन घरांत बोलणं नाही, गावं वेगळी, बातमी अमुक लग्नात अमुक नातेवाइकाकडून समजली, त्यानंतर लगेच वकिलांना भेटलो, असा तपशील द्या. कळल्यानंतरच्या दिवसांचाही हिशेब विचारला जातो. लोकांचे अर्ज तिथंच फसतात. कळायच्या आधीचा उशीर सहज माफ होतो, कळल्यावरचा आळस होत नाही.

निवृत्त बेलिफ

आयुष्य नोटिसा बजावण्यात गेलं म्हणून एक सांगतो. प्रतिज्ञापत्र करण्याआधी अपिलाची फाईल तपासा. गेल्या वर्षभरात ३ नंबरच्या नावानं कोर्टातून एखादी नोटीस निघाली होती का? निघाली असेल तर तिच्या पाठीमागे आमच्यातल्या कुणीतरी लिहिलं असेल, "सदर इसम मयत झाल्याचे घरातील इसमांनी सांगितले, सबब नोटीस बिनबजावणी परत." तो अहवाल फाईलला लागलेला असतो. तुम्ही शपथेवर लिहायचं की गेल्या महिन्यात कळलं, आणि समोरच्या वकिलानं तो कागद काढून दाखवायचा. मग न्यायाधीश बाकीचं वाचत नाहीत.

रोजनामाही (प्रत्येक तारखेला काय झालं त्याची कोर्टाची नोंद) बघा. समोरच्या वकिलांनी आपला पक्षकार वारल्याची पुरसीस (कोर्टाला लेखी कळवणं) दिली असेल तर तिची तारीख रोजनाम्यात सापडते.

जुनी सनद

बेलिफसाहेबांच्या मुद्द्याला जोडून: आदेश २२ चा नियम १०अ. आपला पक्षकार वारल्याचं वकिलाला कळलं की त्यानं कोर्टाला कळवायचं आणि कोर्टानं दुसऱ्या बाजूला नोटीस द्यायची. १९७६ च्या दुरुस्तीत हा नियम आला. एरवी पक्षकाराच्या मृत्यूबरोबर वकीलपत्र संपतं, पण एवढ्या कामापुरतं ते चालू धरलं जातं. समोरच्यांनी कळवलं नसेल तर विलंब माफीत हा तुमच्या बाजूचा चांगला मुद्दा आहे. उशीर सगळा माफ होईलच असं नाही, पण ज्यांनी लपवलं त्यांनीच त्याचा फायदा उठवावा हे कोर्टाला रुचत नाही.

हाच नियम तुमच्याही वकिलांना लागू आहे बरं का. आणि वडिलांनी दिलेलं वकीलपत्र संपलंय, वारसांची नवी सही लागेल. त्यांनी कुणाला कुलमुखत्यारपत्र दिलं असेल तर तेही संपलं.

उगाच एक

मला एक कळत नाही. समोर सहा जण आहेत. त्यातला एक गेला आणि त्याच्यापुरतं अपील गेलं, तर उरलेल्या पाच जणांविरुद्ध चालूच राहील ना? एक षष्ठांश सोडून द्यायचा.

जुनी सनद

प्रश्न अगदी योग्य आहे, खरी मेख इथंच आहे.

कायदा म्हणतो की मयतापुरतं अपील अबेट होतं. मग बाकीच्यांविरुद्ध ते चालवता येईल का, हे स्टेट ऑफ पंजाब विरुद्ध नथू राम (सुप्रीम कोर्ट, १९६२) या निकालाच्या कसोटीवर ठरतं. उरलेल्यांविरुद्ध अपील मंजूर केलं, तर मयताच्या बाजूनं कायम झालेल्या निकालाशी त्याची टक्कर होईल का? होत असेल तर सगळंच अपील गेलं.

आता हे बांधकरींच्या दाव्याला लावा. "वाटप आधीच झालंय" हा खालचा निष्कर्ष ३ नंबरच्या बाबतीत अंतिम झाला असं धरू. उद्या अपील मंजूर होऊन कोर्ट म्हणालं, "वाटप झालेलं नाही, सगळ्यांचे हिस्से पाडा." म्हणजे त्याच जमिनीचं ३ नंबरच्या वारसांपुरतं वाटप झालेलं आणि इतरांपुरतं न झालेलं. असे दोन निकाल एकाच गटावर नांदू शकत नाहीत. वाटपाच्या दाव्यात तर प्रत्येक हिस्सेदार आवश्यक पक्षकार असतो. म्हणून इथं एक षष्ठांश सोडून भागत नाही, एका माणसापायी सहाही हिस्से जातात.

प्रत्येकाचा हक्क स्वतंत्र असेल तिथं चित्र वेगळं. दहा जणांनी आपापले वेगळे प्लॉट विकत घेतलेत आणि सोयीसाठी एकच दावा लावलाय, तर एकाचं अबेट झाल्यानं बाकी नऊ बुडत नाहीत. २००३ च्या सरदार अमरजितसिंग कालरा प्रकरणात घटनापीठानं हे नीट उलगडून सांगितलंय.

आणि अपील गेलं म्हणजे खालचा निकाल कायम. त्यासोबत 'जैसे थे'सुद्धा गेलं, हे विसरू नका.

सातबारा शोधक

एक पळवाट आहे, मात्र ती प्रत्येकाला उपलब्ध नसते. आदेश २२ च्याच नियम ४ चा उपनियम ४. मयत सामनेवाला नोटीस लागूनही कधी हजर झाला नसेल किंवा त्यानं प्रकरण लढवलंच नसेल, तर त्याचे वारस लावण्यापासून सूट मागता येते. अट अशी की सूट निकालाच्या आधी मिळालेली हवी. ३ नंबरनी अपिलात वकील दिला होता का?

बांधकरी

कोर्टात जाऊन आलो. वकिलांनी वडिलांचा अर्ज लगेच तयार करायला घेतला, आता कुरकुर नाही. फाईलही पाहिली.

३ नंबरनी वकील दिला होता, बाकीच्या पाच जणांचा आणि त्यांचा एकच. म्हणजे सूट नाही. पुरसीस कुठेही नाही. मयत म्हणून परत आलेली नोटीसही नाही. पण एक गोष्ट दिसली. ५ नंबरचा सामनेवाला हा ३ नंबरचा थोरला मुलगा आहे. त्याच्या नावावर त्या गटातला एक तुकडा आधीपासून आहे, म्हणून त्याला वेगळा पक्षकार केलं होतं. याचा काही उपयोग?

जुनी सनद

उपयोग? अहो, हे आधी सांगितलं असतंत तर मी वरचे दोन परिच्छेद लिहिलेच नसते!

मयताचा एखादा वारस आधीपासून रेकॉर्डवर असेल, मग तो दुसऱ्या कुठल्या नात्यानं का असेना, तर त्याच्यामार्फत मयताच्या मिळकतीचं प्रतिनिधित्व होतं आणि अपील अबेट झालं असं म्हणता येत नाही. महावीर प्रसाद विरुद्ध जगे राम, सुप्रीम कोर्ट, १९७१. ५ नंबर स्वतःच्या तुकड्यासाठी आला असला तरी तो बापाचा वारस आहेच.

पण एवढ्यावर निर्धास्त होऊ नका. अर्जात आधी हे म्हणा: ५ नंबर रेकॉर्डवर असल्यानं अबेटमेंट झालेलंच नाही, सबब त्याची 'मयत क्र. ३ चा वारस' अशीही नोंद करावी आणि उरलेले वारस घ्यावेत. त्याखाली पर्यायी विनंती: अबेटमेंट झालं असं कोर्टाचं मत पडल्यास विलंब माफ करून ते रद्द करावं. दोन्ही एकाच अर्जात बसतात.

काजूबोंड

मध्येच माझा प्रश्न घुसवतो. आमचं उलट आहे. आम्ही खाली जिंकलो, समोरच्यानं सेकंड अपील केलं. २०२५ च्या ऑगस्टमध्ये कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झाल्यावर ते मुंबईहून तिकडे वर्ग झालं. अपील करणारा वारून वर्ष होत आलं, त्याच्याकडून कुणी फिरकलेलं नाही. आम्ही गप्प बसावं की काही करावं?

जुनी सनद

त्याला तुम्ही एकटेच सामनेवाले असाल आणि अपीलकर्ता तो एकटाच असेल तर अपील कायद्यानंच अबेट झालंय. तरी मृत्यूच्या दाखल्यासह पुरसीस देऊन अपील निकाली काढून घ्या. नाहीतर ते बोर्डावर जिवंत दिसत राहतं आणि तुमच्या दरखास्तीत (डिक्रीच्या बजावणीच्या अर्जात) "वरती अपील चालू आहे" म्हणून समोरचे वेळ काढतात. पुरसीस दिल्यावर वारस जागे होऊन विलंब माफी मागतील ही भीती असते, पण तो धोका तसाही आहे. उलट पुरसीसच्या तारखेनंतर त्यांना "आम्हाला प्रकरणच माहीत नव्हतं" म्हणणं जड जातं.

डिक्री बजावणीला १२ वर्षांची मुदत आहे. आणि दरखास्त सुरू असताना कुणी वारलं तर तिथं हे अबेटमेंटचं प्रकरण लागू होत नाही, नियम १२ मध्ये तशी तरतूद आहे. डिक्रीदाराचे वारस दरखास्त पुढे चालवू शकतात.

माहेरवाशीण

युक्तिवाद पूर्ण झालेत, निकाल राखून ठेवलाय आणि मधल्या काळात माणूस गेला तर? आमच्या मामांचं तसं झालं होतं.

जुनी सनद

नियम ६. सुनावणी संपलेली असेल तर अबेट होत नाही. निकाल देता येतो आणि तो मृत्यूच्या आधी दिल्यासारखाच धरला जातो.

पाणंद

मृत्युपत्राचं काय? माझ्या सासऱ्यांनी सगळं धाकट्या दिराच्या नावानं लिहून ठेवलंय असं तो म्हणतो. आम्हाला ते मान्य नाही. अपिलात कुणाचं नाव लागणार?

जुनी सनद

नियम ५. खरा प्रतिनिधी कोण हे कोर्ट आधी ठरवतं. अपील कोर्ट हवं तर खालच्या कोर्टाला पुरावा घेऊन निष्कर्ष पाठवायला सांगू शकतं. हा निर्णय लांबणीवर टाकून अपील गुणदोषांवर ऐकता येत नाही, जलदी सुगुणा (२००८) निकाल त्यावरच आहे. पण ही चौकशी केवळ अपील कुणी चालवायचं यापुरती असते. मृत्युपत्र खरं की खोटं याचा कायमचा निवाडा त्यात होत नाही, त्यासाठी वेगळं भांडा. तुम्ही ९० दिवसांच्या आत स्वतःचा अर्ज देऊन ठेवा. दीर आणि तुम्ही दोघंही रेकॉर्डवर आलात तर अपिलाचं काही बिघडत नाही, कुणीच नाही आलं तर सगळंच बिघडतं.

बांधकरी

दोन्ही अर्ज दाखल झाले. वडिलांचा अर्ज मुदतीत बसला आणि समोरच्या वकिलांनी त्यावर 'हरकत नाही' लिहून दिलं. मंजूर झाला की अपिलाच्या मेमोत (मूळ अर्जात) लाल शाईनं दुरुस्ती करायची आहे. वडिलांच्या नावापुढे 'मयत, तर्फे वारस' आणि खाली १अ आई, १ब मी, १क भाऊ, १ड बहीण, १इ आजी. बहीण सहीसाठी एक दिवस येऊन गेली. आजीचा अंगठा वकीलपत्रावर घेताना तिनं विचारलं की जमीन कुठली, आणि गट नंबर ऐकून चारही बांधांचे शेजारी धडाधड सांगितले. वकील म्हणाले, साक्षीला हिलाच न्यायला हवं होतं.

३ नंबरच्या अर्जावर समोरच्यांचं म्हणणं यायचंय. आता अडचण अशी की त्यांना तीन मुली आहेत एवढंच माहीत आहे. लग्नानंतरची नावं, पत्ते काही नाहीत. ५ नंबर सांगायला तयार नाही.

सातबारा शोधक

त्यांच्या गावच्या त्या गटावरचा वारस फेरफार काढा. आजोबा जाऊन वर्ष झालंय, म्हणजे नोंद बहुधा झाली असेल. फेरफारात वारसांची नावं आणि नातं असतं, आणि अर्जासोबतच्या कागदांत पत्तेही सापडू शकतात. नोंद अजून चालू असेल तर 'आपली चावडी'वर नोटीस दिसेल.

जुनी सनद

त्यातूनही एखादी मुलगी सुटली तरी घाबरू नका. प्रामाणिकपणे चौकशी करून सापडले तेवढे वारस लावले आणि त्यात लबाडी नसेल, तर आलेले वारस मिळकतीचं प्रतिनिधित्व करतात. दया राम विरुद्ध श्याम सुंदरी, १९६५. फक्त कुठं कुठं चौकशी केली ते प्रतिज्ञापत्रात येऊ द्या. तीन मुली आहेत हे तुम्हाला आजच माहीत असल्यामुळे तो रकाना कोरा सोडू नका. नाव कळेपर्यंत तसं लिहून मुदत मागा. ५ नंबरला बहिणींची नावं सादर करायला सांगावं असा अर्जही देता येईल.

निवृत्त बेलिफ

पत्ते मिळाले की नोटीस भत्ता त्याच दिवशी भरा. लोक अर्ज मंजूर करून घेतात आणि भत्ता भरायचा राहतो, मग त्याच कारणावर नवीन वारसांविरुद्धचं अपील काढून टाकायचा हुकूम होतो. आणि पत्त्यात नुसतं गाव-तालुका लिहू नका, नवऱ्याचं पूर्ण नाव, वाडी, जवळची खूण असं लिहा. लग्न होऊन गेलेल्या मुलीला त्या गावात माहेरच्या नावानं कुणी ओळखत नाही, आणि बेलिफ तसाच परत येतो.